गावाची वेस कोण आखतो?

२ ऑगस्ट २०२३ च्या सकाळी कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई यांच्या मृत्यूची बातमी आली. कर्जतजवळ स्वतः उभ्या केलेल्या स्टुडिओतच त्यांनी आपले जीवन संपवले. त्या दिवशी दूरचित्रवाणीच्या ज्या ज्या वाहिन्या मी पाहिल्या, त्यांवर 'देवदास'मधला कोठा, 'जोधा अकबर'चा महाल आणि 'लगान'मधले गाव पुन्हा पुन्हा दाखवले जात होते. देसाईंना चार वेळा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, हेही निवेदक सांगत होते. 'हम दिल दे चुके सनम', 'लगान' आणि 'देवदास' ही तीन नावे सगळ्यांना पाठ होती. चौथे नाव घ्यायची वेळ आली की निवेदक पुढच्या बातमीकडे वळत होता.

खरे तर ते चौथे नव्हे, पहिले नाव. कलादिग्दर्शनाचा पहिला राष्ट्रीय पुरस्कार नितीन देसाईंना मिळाला तो 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' या चित्रपटासाठी, १९९८ सालच्या चित्रपटांमधून. महाल, झुंबरे आणि राजवाडे यांच्या आधी या माणसाला देशपातळीवर मान मिळाला तो बाबासाहेबांचा काळ उभा केल्याबद्दल. प्रस्थापित माध्यमांना याचा विसर पडला तर नवल नाही. पण आपल्याही किती घरांत ही गोष्ट माहीत आहे? म्हणून ही नोंद आपल्या वर्तमानपत्रात करणे भाग आहे.

कलादिग्दर्शक, किंवा आजच्या भाषेत प्रॉडक्शन डिझायनर, म्हणजे सेट सजवणारा माणूस अशी आपली समजूत असते. प्रत्यक्षात त्याचे काम पटकथा हातात आल्यापासून सुरू होते. प्रत्येक प्रसंग कुठे घडतो, त्या घराला दारे किती, खिडकीतून काय दिसते, चूल कुठे आहे, पाणी कुठून येते, भिंतीला किती वर्षांचा धूर लागला आहे, हे सगळे तो ठरवतो. आधी रेखाचित्र, मग मोजमापाचा नकाशा, मग छोटी प्रतिकृती. त्यानंतर सुतार, मोल्डर, पेंटर यांचा ताफा प्लायवूड, प्लास्टर, फायबर आणि गोणपाट यांतून ते सगळे उभे करतो. कॅमेऱ्याला मागे सरकायला जागा लागते, म्हणून एखादी भिंत काढता-घालता येईल अशी ठेवावी लागते. शेवटी नव्या कोऱ्या भिंतीवर रंगाचे हात मारून तिला पन्नास वर्षे म्हातारी करायचे. हे काम चांगले झाले तर प्रेक्षकाच्या ते लक्षातही येत नाही, आणि बहुधा म्हणूनच या माणसाचे नाव कुणाच्या तोंडी नसते.

आपल्याला या कामाशी काय देणेघेणे, असे कुणी विचारील. बांधवांनो, जात ही पोथीत लिहिली गेली, पण ती जगली गेली जागेत. वेस, पाणवठा, देवळाची पायरी, शाळेत आपल्या पोराने घरून नेलेल्या गोणपाटावर बसायचा तो कोपरा. कोण कुठे उभा राहील आणि कोण कुठे पाऊल टाकणार नाही, याचा नकाशा म्हणजेच आपले खेडे होते. म्हणूनच बाबासाहेबांचे लढेही जागांचेच झाले. महाडला तळे होते, नाशिकला देऊळ होते. तेव्हा सिनेमात गावाचा नकाशा जो माणूस काढतो, तो इच्छा असो वा नसो, जातीविषयी काहीतरी बोलतच असतो. त्याने महारवाडा काढला तर तो बोलला. नाही काढला, तरीही बोलला.

नितीन देसाई १९६५ साली जन्मले. मूळचे दापोलीचे. दापोलीचे नाव काढले की आपल्याला वणंद आठवते, माता रमाईंचे माहेर. सुभेदार रामजी सकपाळही पेन्शनीनंतर काही काळ दापोलीतच राहिले होते. देसाई कुटुंब मुंबईला आले, नितीनचे शालेय शिक्षण मुलुंडला झाले. पुढे जे. जे. आणि रहेजा या कलाशाळांत शिक्षण. त्यांची सुरुवात छायाचित्रणाकडून झाली. १९८७ साली ते नितीश रॉय या नामवंत कलादिग्दर्शकाच्या हाताखाली लागले. रॉय म्हणजे 'खारिज' आणि 'मंडी'साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेला माणूस. कामही साधेसुधे नव्हते. गोविंद निहलानी यांची 'तमस' ही दूरदर्शन मालिका तयार होत होती.

'तमस'ची सुरुवात ज्यांनी पाहिली आहे ते ती विसरले नसतील. नत्थू हा चामडे कमावणारा दलित एका कोंदट, अंधाऱ्या खोलीत रात्रभर डुकराशी झुंजतो आहे. त्याला सांगितलेले असते एक आणि त्या डुकराचा उपयोग होतो भलताच, दंगल पेटवायला. ओम पुरींचा अभिनय थोर आहेच. पण ती खोली, तो दिवा, तो चिखल हेही त्या प्रसंगात तितकेच बोलतात. त्या खोलीत देसाईंच्या हातचे काय काय होते, हे विचारणे व्यर्थ आहे, ते तेव्हा नवखे सहायक होते. पण उमेदवारी करणाऱ्या तरुणाच्या डोळ्यांसमोर पहिला धडा म्हणून काय आले, याला महत्त्व आहे. पाठोपाठ 'कबीर' ही मालिका. बुद्ध, कबीर आणि फुले हे बाबासाहेबांनी मानलेले तीन गुरू, त्यांतला मधला. मग आली 'चाणक्य'. त्याच मालिकेत सहायकाचे ते स्वतंत्र कलादिग्दर्शक झाले. म्हणजे हा माणूस घडला तो दूरचित्रवाणीत, जिथे दिवस थोडे आणि पैसा त्याहून थोडा. पुढे त्यांनी कोट्यवधींचे सेट उभारले, पण शिस्त लागली ती इथे.

इथे जरा मागे जाऊन एक गोष्ट सांगितली पाहिजे. मराठी सिनेमातले पहिले मोठे कलादिग्दर्शक कोण, तर कोल्हापूरचे बाबूराव पेंटर, मूळचे बाबूराव मेस्त्री. सुतारकाम करणाऱ्या घराण्यातला माणूस. नाटकांचे पडदे रंगवता रंगवता त्याने सिनेमाचा कॅमेरा घडवला आणि शाहू महाराजांच्या कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. भांडवल दिले ते तानीबाई कागलकर या गायिकेने. १९२५ साली त्यांनी 'सावकारी पाश' काढला, कर्जापायी जमीन गमावलेल्या शेतकऱ्याची कथा. पौराणिक महालांच्या त्या जमान्यात पडद्यावर गरिबाची झोपडी आली. सिनेमाची कला ही जाणकार उच्चवर्णीयांनी खाली आणली, असे जे सांगितले जाते, त्याला हा पुरावा पुरेसा आहे. रंधा आणि कुंचला हातात धरणाऱ्या जातींनी ही कला वर नेली. ज्यांच्या हातांना मनूने विद्या नाकारली, त्या हातांशिवाय एकही सेट आजवर उभा राहिलेला नाही.

१९९४ च्या '१९४२ : अ लव्ह स्टोरी'ने देसाईंचे नाव झाले. ब्रिटिश अमदानीतले थंड हवेचे गाव त्यांनी मुंबईच्या फिल्मसिटीत बांधले आणि फिल्मफेअर पुरस्कार घेतला. त्यानंतर डॉ. जब्बार पटेल यांनी त्यांना बाबासाहेबांच्या चित्रपटासाठी घेतले.

या चित्रपटाला केंद्र आणि महाराष्ट्र सरकारचा पैसा होता, राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचे काम होते. मामुटी यांनी बाबासाहेब उभे केले आणि उत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. छायाचित्रण अशोक मेहतांचे. लेखनात दया पवारही होते, हे विसरू नये. कलादिग्दर्शकापुढची अडचण वेगळीच होती. राजवाडा उभारताना कल्पनेला मोकळीक असते, अकबराच्या दालनातला खांब दोन हात पुढे सरकला म्हणून कुणी भांडायला येत नाही. इथे प्रेक्षकांत असे म्हातारे बसणार होते, ज्यांनी बाबासाहेबांना स्वतःच्या डोळ्यांनी पाहिले होते. परळच्या बीआयटी चाळीतल्या दोन खोल्या, जिथे बाबासाहेबांनी वीसेक वर्षे काढली. दादरचे राजगृह, जे बाबासाहेबांनी माणसांपेक्षा पुस्तकांचा विचार आधी करून बांधले. या वास्तू आपल्याकडे देवघरासारख्या मनात असतात, त्यांत चूक झाली तर ती सहज माफ होत नाही.

महाडचेच घ्या. आज चवदार तळ्याला बांधलेले घाट आहेत, बाबासाहेबांचा पुतळा आहे, विजेचे दिवे आहेत. १९२७ सालचे तळे आज कुठेच शिल्लक नाही. त्या वर्षीच्या डिसेंबरातली परिषद तर आणखी कठीण. सवर्णांनी जागा नाकारली तेव्हा फत्तेखान या मुस्लिम गृहस्थाने आपली जमीन दिली, तिथे मंडप पडला. मंडपापुढे मनुस्मृतीच्या दहनासाठी खड्डा खणला होता, सहा इंच खोल आणि दीड फूट चौरस, त्यात चंदनाची लाकडे रचली होती. दहनभूमीची पाटी लावली होती. मंडपात एकच तसबीर होती आणि ती गांधीजींची. २५ डिसेंबर १९२७ च्या रात्रीचे हे तपशील चळवळीच्या लोकांनी जपून ठेवले म्हणून आज माहीत आहेत. कलादिग्दर्शकाचे खरे अन्न हेच. भाषण छापील मिळते, पण खड्डा किती खोल होता हे कुणीतरी सांगून ठेवावे लागते. ज्यांच्या घरी अजून जुने फोटो, पत्रके, परिषदांच्या जमाखर्चाच्या वह्या ट्रंकेत पडून आहेत, त्यांनी त्या रद्दीत घालू नयेत. उद्याच्या सिनेमाचे घर त्यांतूनच बांधले जाणार आहे.

आणि आपल्या चळवळीला ही कला अनोळखी होती असेही नाही. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला उभा केलेला मंच आठवा. पांढऱ्या कापडाने मढवलेला आणि माथ्यावर सांचीच्या स्तूपाची प्रतिकृती असलेला. लाखो माणसे पांढऱ्या वस्त्रांत समोर बसलेली. वामनराव गोडबोले आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी काही आठवड्यांत ही तयारी केली. त्या मंचाने शब्दांआधीच सांगून टाकले की आज काय होणार आहे. उलट भीमराव कर्डकांच्या जलशाला सेट नव्हता, परवडतही नव्हता. दिवा आणि डफ यांच्या बळावर उभा राहिलेला तो रंगमंच. काय आहे आणि काय नाही, या दोन्हींतून अर्थ निघतो, हे आपल्या शाहिरांना कुणी शिकवावे लागले नाही.

चित्रपट तयार झाला, गौरवला गेला, २००० साली पडद्यावर आला आणि चित्रपटगृहांत फारसा टिकला नाही. तमिळ आवृत्तीला तर प्रदर्शित होण्यासाठी २०१० साल उजाडावे लागले, तेही प्रकरण मद्रास उच्च न्यायालयात गेल्यावर. सरकारी पैशाने काढलेला सिनेमा लोकांपर्यंत पोहोचवण्याची घाई सरकारला नव्हती. तो पोहोचवला आपल्या वस्त्यांनी, जयंतीच्या रात्री चाळीच्या भिंतीवर चादर बांधून आणि व्हीसीडी लावून. देसाईंचे काम आपल्यातल्या बहुतेकांनी पाहिले ते असे, वाऱ्याने हलणाऱ्या चादरीवर.

चादरीवरून 'स्वदेश' आठवला. २००४ सालचा हा चित्रपट, कलादिग्दर्शन देसाईंचेच, चित्रण वाईजवळच्या मेणवलीत. गावात एका रात्री सिनेमा दाखवला जातो. मध्ये पांढरा पडदा. समोर वरच्या जातींचे लोक, आणि पडद्यामागे खालच्या मानलेल्या जातींचे लोक उलटी चित्रे पाहत बसलेले. वीज जाते, गाणे सुरू होते, आणि नायक तो पडदाच खाली उतरवतो. दोन बाजूंची माणसे एकमेकांना दिसतात. माझ्या मते आशुतोष गोवारीकर यांच्या सगळ्या चित्रपटांत जातीवर इतके नेमके दुसरे काही नाही, आणि ते साधले एका कापडाने. पटकथेत ते लिहिलेले असणार, हे खरे. पण पडदा नेमका कुठे टांगायचा, मागे किती अंधार ठेवायचा, हे जागा आखणाऱ्याचे काम.

याच दिग्दर्शकाचा आणि याच कलादिग्दर्शकाचा 'लगान' मात्र मला या बाबतीत अपुरा वाटतो. कच्छमध्ये भूजजवळ कुनरिया गावाच्या परिसरात चंपानेर हे गाव उभे केले गेले, स्थानिक लोकांच्या हातांनी आणि मातीने. कारागिरी म्हणून ते अव्वल आहे, राष्ट्रीय पुरस्कार योग्यच मिळाला. चित्रण संपल्यानंतर जानेवारी २००१ मध्ये भूकंप झाला आणि तो सारा मुलूख उद्ध्वस्त झाला. त्या चित्रपटात कचरा नावाचा अस्पृश्य गोलंदाज आहे, त्याच्यावरून गावात वाद होतो, नायक भाषण करतो आणि कचरा संघात येतो. ठीक. पण कचऱ्याचे घर कुठे आहे? मंदिर डोळ्यांसमोर राहते, चावडीसारखी जागा राहते, भुवनचे अंगण राहते. कचरा पाणी कुठून आणतो, रात्री कुठे परततो, हे चित्रपट संपल्यावर आठवत नाही. तो चेंडूबरोबर येतो आणि विजयात मिसळून जातो. दोष एकट्या कलादिग्दर्शकाचा नाही, पटकथेने त्याला ते घर बांधायला सांगितलेच नाही. पण माझी तक्रार नोंदवून ठेवतो.

दुसरी तक्रार 'अजिंठा'ची. २०१२ सालचा हा मराठी चित्रपट देसाईंनी स्वतः दिग्दर्शित केला, ना. धों. महानोर यांच्या काव्यावरून, रॉबर्ट गिल आणि पारो यांची प्रेमकथा. डोळ्यांना सुखावणारा. पण ज्या भिक्खूंनी ती लेणी कोरून घेतली, तिथे वर्षावास केला, त्यांचा धम्म या कथेत पार्श्वभूमीला गेला. बाबासाहेबांचा काळ उभारलेल्या हाताकडून अजिंठ्यात याहून अधिक अपेक्षा होती. योगायोग असा की देसाई गेले आणि दुसऱ्याच दिवशी, ३ ऑगस्टला, महानोरही गेले.

कचऱ्याचे घर पडद्यावर यायला पुढची पिढी यावी लागली, आणि ती आपल्यातून आली. नागराज मंजुळे यांच्या 'फँड्री'त (२०१३) जब्याचे घर गावाबाहेर आहे आणि ते दर फ्रेमला जाणवते. शेवटी मेलेले डुक्कर बांबूला बांधून नेले जाते तेव्हा मागे शाळेच्या भिंतीवर बाबासाहेब, सावित्रीमाई, शाहू महाराज आणि गाडगेबाबा रंगवलेले दिसतात. संवाद एकही नाही. पा. रंजित यांच्या 'काला'त (२०१८) धारावीचा मोठा सेट चेन्नईत उभारला गेला, कलादिग्दर्शक रामलिंगम. 'झुंड'मध्ये (२०२२) जयंतीची मिरवणूक आणि बाबासाहेबांची तसबीर भर पडद्यावर आली. भिंतीवर कुणाचा फोटो लावायचा हा साधा निर्णय, पण हिंदी सिनेमाला तो घ्यायला शंभर वर्षे लागली.

देसाईंकडे परत येतो. २००५ साली त्यांनी कर्जत-खालापूरच्या बाजूला पन्नासाहून अधिक एकरांवर एन. डी. स्टुडिओ उभारला. दुसऱ्याचे महाल बांधणाऱ्या मराठी माणसाला स्वतःची जमीन हवी होती. तिथे 'जोधा अकबर' झाला, त्यांनीच निर्माण केलेली 'राजा शिवछत्रपती' मालिका झाली. मंत्रिमंडळांच्या शपथविधीचे मंचही त्यांच्याकडून बांधून घेतले गेले, २०१४ मध्ये वानखेडेवर एका पक्षाचा आणि २०१९ मध्ये शिवाजी पार्कवर दुसऱ्याचा. मग टाळेबंदी आली. मे २०२१ मध्ये स्टुडिओत आग लागून 'जोधा अकबर'चा सेट जळाला. २०१६ आणि २०१८ मध्ये घेतलेले सुमारे १८० कोटींचे कर्ज व्याजासह २५० कोटींच्या वर गेले. जुलै २०२३ मध्ये राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाने दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू केली आणि आठवडाभरात ही बातमी आली. ज्यांच्या शपथेसाठी त्याने मंच बांधले, ते सगळे श्रद्धांजली वाहताना दिसले. बाबूराव पेंटरांच्या 'सावकारी पाश'ला तेव्हा जवळपास शंभर वर्षे होत आली होती.

आता आपल्या पोरांविषयी. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे, आणि तिथे राखीव जागाही आहेत. आपले पालक मुलाला इंजिनिअर करतात, शिक्षक करतात, आता अभिनयालाही पाठवतात. पण चित्रकलेची परीक्षा पास झालेल्या मुलाला हा रस्ता दाखवणारा शिक्षक वस्तीत सापडत नाही. दूरचित्रवाणीवर बाबासाहेबांच्या मालिका झाल्या, श्याम बेनेगल यांच्या 'संविधान'साठी (२०१४) संविधान सभेचे अख्खे सभागृह बांधले गेले. असली कामे यापुढेही निघणार आहेत.

गेल्या एप्रिलमध्ये आमच्या भागातल्या मंडळाने जयंतीसाठी प्लायवूड आणि थर्माकोलची चैत्यभूमी केली होती. तोरण, घुमट, पायऱ्या, सगळे मापात. घुमटावर पावसाळ्याचे काळे ओघळ रंगवले होते, ते पाहून मी थांबलो. रंगवणारा मुलगा शिडीवरच होता. हे कुठे शिकलास म्हणून विचारले. म्हणाला, "गोरेगावला सेटिंगला जातो, काका, पाच वर्षं झाली." मग ड्रॉइंग कोण काढतो, असे विचारले. त्याने हातातला ब्रश डब्यात बुडवला. "ड्रॉइंग वरून येतं. आपण मारायचं."